रविवारचे जादा सामने

शनिवार, १० ऑगस्ट

वकीलबाईंनी सांगितलं म्हणून ही वही घेतली. म्हणाल्या, मुलीला कधी भेटलात, किती वेळ भेटलात, तारीखवार लिहून ठेवा, पुढेमागे उपयोगी पडेल. बाकी काही लिहायची गरज नाही.

तर, आजची भेट झाली नाही. एक शनिवार सोडून एक शनिवार, दुपारी चार ते सात, असं ठरलंय. पावणेचारला खारूचा मेसेज आला, ‘बाबा सॉरी, सोमवारी प्रोजेक्ट द्यायचाय.’ मी दाढी करून, शर्टाला इस्त्री मारून बसलो होतो. ‘काही हरकत नाही, आधी अभ्यास’ असं पाठवलं आणि पुढे एक हसरा चेहरा टाकला.

खारू म्हणजे माझी मुलगी. लहानपणी खिडकीच्या पडद्याला धरून वर चढायची म्हणून खारूताई, मग खारू. आता पंधरा पूर्ण झाली, माझ्या कानापर्यंत आली, तरी नाव तेच. मी लिफ्ट दुरुस्त करतो. मार्चपासून ज्या इमारतीत राहतो तिथे माझी खोली चौथ्या मजल्यावर आहे आणि इमारतीला लिफ्ट नाही. कामावरचे मिस्त्री म्हणाले, ‘तुझ्या नशिबाला विनोद चांगला कळतो रे.’

शनिवार, २४ ऑगस्ट

भेट झाली. चाळीस मिनिटं. रसाच्या दुकानात बसलो. शाळा कशी चाललीय? ठीक. आई कशी आहे? ठीक. नवीन बूट घेतलेत का? हो. मग माझे प्रश्नच संपले. शेवटी बास्केटबॉलचं विचारलं, तर दहा मिनिटं थांबलीच नाही. बॉल कसा हातात राहायला हवा, कोच मॅडम कशा ओरडतात, अकरा नंबरची मुलगी पास कशी देतच नाही. हातवारे करून सांगत होती. ग्लास सांडला तेव्हा थांबली.

मी विचारलं, ‘मी येऊ का सामना बघायला?’

‘ये की. पालक येतातच,’ म्हणाली.

पालक. बरं.

बुधवार, २८ ऑगस्ट

क्लबमध्ये पालकांची सभा होती. गेलो. कोच मॅडम म्हणजे साठीच्या, बारीक, गळ्यात शिट्टी. एके काळी स्वतः फार वरच्या पातळीवर खेळलेल्या. त्या म्हणाल्या, संघाचं व्यवस्थापन बघणारे गृहस्थ सोडून गेलेत, कुणीतरी पुढे या. सगळे आपापल्या चपला बघायला लागले. मी हात वर केला.

‘तुम्ही कोणाचे?’

‘सात नंबरचे.’

मॅडमनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. ‘ॲप चालवता येतं?’

‘लिफ्टचा कंट्रोल पॅनेल चालवतो, तर हे काय?’ म्हटलं. कुणी हसलं नाही. शेजारी अकरा नंबरची आई बसली होती, तिची बेकरी आहे, तिने मात्र माझ्या हातात बिस्किटांची पुडी ठेवली आणि म्हणाली, ‘दादा, लागेल तुम्हाला.’

गुरुवार, २९ ऑगस्ट

दुपारच्या सुट्टीत मशीनरूममध्ये बसून ॲप शिकलो. सोपं आहे. सामना टाकायचा, म्हणजे तारीख, वेळ, मैदान, समोरचा संघ. बटण दाबलं की सगळ्या मुलींच्या आणि त्यांच्या घरच्यांच्या फोनवर जातं. मुली ‘येणार’ किंवा ‘नाही’ दाबतात. येणारीच्या नावापुढे हिरवी खूण, नाही म्हणणारीच्या पुढे लाल.

मी रविवारचा लीगचा सामना टाकला. एक मिनिटाच्या आत पहिली हिरवी खूण आली. सात नंबर.

तीन वेळा बघितलं. मार्चपासून माझ्या कुठल्याही मेसेजला तिने एका मिनिटात उत्तर दिलं नव्हतं.

रविवार, १ सप्टेंबर

भेट: साडेचार तास. (सामना, जाणं, येणं धरून. वकीलबाईंना विचारायला हवं, हे धरतात का.)

कंपनीची व्हॅन घेऊन गेलो. चार मुली, पाण्याचे जार, बॉलची पिशवी. खारू मागच्या सीटवर बसली, मैत्रिणींबरोबर. आरशात दिसत होती. आम्ही सहा गुणांनी हरलो, पण ती काय पळते! बॉल हातात आला की मान न वळवता तिला कळतं कोण कुठे आहे. हे माझ्याकडून नक्कीच आलेलं नाही.

उतरताना म्हणाली, ‘थँक्यू बाबा.’ चार मुलींनी म्हटलं, ‘थँक्यू काका.’ घरी येऊन पाय पसरून बसलो, तर लक्षात आलं की दिवसभर मी एकदाही घड्याळाकडे पाहिलं नव्हतं.

सोमवार, ९ सप्टेंबर

लीगचे सामने एक रविवार सोडून एक रविवार आहेत. म्हणजे मधले रविवार मोकळेच. काल नुसता बसून होतो तेव्हा वाटलं, मुलींचा सराव तुटत असणार. स्टेशनामागच्या क्लबला फोन केला, ते आनंदाने तयार झाले. येत्या रविवारी मैत्रीचा सामना नाही, लीग आहे, म्हणून पुढचा म्हणजे २२ तारखेचा टाकला. सात नंबर ‘येणार’, चाळीस सेकंद.

मॅडम फोनवर म्हणाल्या, ‘जादा सामना? चालेल एखादा.’

रविवार, २२ सप्टेंबर

जिंकलो! खारूचे चौदा गुण. येताना व्हॅनमध्ये मुली गप्पा मारत होत्या. अकरा नंबर खारूला विचारत होती, ‘तिकडे हॉलला लाकडी फ्लोअर आहे म्हणे?’ खारू हळूच म्हणाली, ‘गप गं.’ मी मोठ्याने सांगून टाकलं, ‘समोरच्यांचं फ्लोअर लाकडी असो नाहीतर संगमरवरी, आपण हरवणार!’ मुली गप्प झाल्या. बहुतेक माझ्या विनोदांना वयाची अट आहे.

माझ्याकडे राहिलेलं खारूच्या सामानाचं खोकं द्यायला मार्चनंतर पहिल्यांदाच जुन्या घरात वर गेलो. पुस्तकांचं कपाट निम्मं रिकामं होतं. हिने साफसफाई काढलीय. हिने म्हणजे खारूच्या आईने. अजून हात सवयीने लिहितो.

मी म्हटलं, ‘वा, रद्दी निघाली वाटतं.’

तिने काहीतरी बोलायला तोंड उघडलं, खारूकडे पाहिलं आणि म्हणाली, ‘हो. थोडी थोडी काढतेय.’

आणखी पाच जादा सामने ठरवले. डिसेंबरपर्यंतचे मधले सगळे रविवार भरले.

रविवार, ६ ऑक्टोबर

आज बेकरीवाल्या ताई बाकावर येऊन शेजारी बसल्या. ‘दादा, सातच्या गुडघ्याला पट्टी दिसतेय.’

‘फॅशन असते हो मुलींची,’ म्हटलं.

‘डावीकडे वळत नाहीये ती.’

त्यांची अकरा नंबर डावीकडूनच खेळते. आता मला सगळं कळलं, खारूची जागा हवी होती त्यांना. त्यांचं बिस्किट मात्र घेतलं.

पण खारू आज सुस्तच खेळली हे खरं. दोन सोपे बॉल सोडले. येताना तिला पुढच्या सीटवर बसवलं आणि म्हटलं, ‘मनापासून खेळायचं नसेल तर नुसतं यायचं कशाला?’ ती खिडकीतून बाहेर बघत राहिली. ओरडलो नाही, नुसतं समजावलं. उतरताना दाराला धरून उतरली. थँक्यू म्हणाली नाही.

घरी आल्यावर पुढच्या रविवारच्या लीगच्या सामन्याची आठवण पाठवली. एक मिनिटात ‘येणार’. म्हणजे राग नाही.

बुधवार, १६ ऑक्टोबर

मॅडमचा फोन. ‘येत्या वीस तारखेला तुमचा जादा सामना आहे, त्याला पाच मुलींनी नाही दाबलंय. दर रविवारी कोण मोकळं असतं? पोरींना घरं आहेत.’

मी म्हटलं, ‘माझी मुलगी एकही चुकवत नाही.’

त्या म्हणाल्या, ‘तेच म्हणतेय मी. सरावाला ती पाय आखडून बसलेली असते. मी विचारलं तर म्हणते, कालच आपटला. दर वेळी कालच कसा आपटतो?’

मी म्हटलं, विचारतो. मग पाच घरी फोन केले, गोड बोलून तीन मुली जमवल्या. एकूण आठ झाल्या. आठ पुरतात. खारूला विचारायचं राहून गेलं.

सोमवार, २१ ऑक्टोबर

काल लिहिता आलं नाही.

दुसऱ्या डावात खारूने बॉल घेतला, डावीकडे वळायला गेली आणि खाली बसली. पडली असं नाही, बसली. जणू कुणी खुर्ची ओढून घेतली. मग गुडघा धरला आणि आवाज आला. तो आवाज मी लिहिणार नाही.

उचलून व्हॅनमध्ये ठेवली. तिचं डोकं अकरा नंबरच्या मांडीवर. हॉस्पिटलात पोचलो तोवर खारूची आई तिथे हजर होती, बेकरीवाल्या ताईंनी फोन केला होता. मला सुचलंच नव्हतं.

डॉक्टर तरुण होते, शांत. गुडघ्यातला अस्थिबंध फाटलाय म्हणाले, पण सगळा काल फाटलेला नाही. आधीच दुखावलेला होता, त्यावर खेळत राहिली. त्यांनी खारूला विचारलं, ‘कधीपासून दुखतंय?’

‘सप्टेंबर.’

‘मग नाही म्हणायचं ना. खेळलीस कशाला?’

तिने त्यांच्याकडेच बघत सांगितलं, माझ्याकडे नाही. ‘रविवारी बाबा एकटा असतो.’

डॉक्टर कागदावर लिहायला लागले. मी बाहेर आलो.

व्हरांड्यात खारूची आई आली. मला वाटलं ओरडेल. ती भिंतीला टेकली आणि एकदम दमलेल्या आवाजात म्हणाली, ‘मला मे महिन्यातच बदली मिळाली होती. दुसऱ्या शहरात, बढती पण. ही म्हणाली, एवढा सीझन होऊ दे, मग बाबाला सांगू. मी तिकडे सांगून मुदत मागितली. आणि तू सीझन संपूच देईनास.’

मी विचारलं, ‘मला का नाही सांगितलंत?’

‘ती म्हणायची, आता बाबा हसतो. थांब थोडं.’

आज वही चाळली. ६ ऑक्टोबरला मी ‘सुस्त खेळली’ असं लिहिलंय. माझ्याच अक्षरात.

बुधवार, २३ ऑक्टोबर

दुपारी मशीनरूममध्ये बसून सामने रद्द केले.

ॲपमध्ये दोन वेगळी बटणं आहेत. ‘काढून टाका’ दाबलं तर सामना कधी ठरलाच नव्हता असा नाहीसा होतो, कुणी काय उत्तर दिलं तेही जातं. ‘रद्द करा’ दाबलं तर तो तसाच राहतो, नावावर आडवी रेघ मारलेली, खाली हिरव्या-लाल खुणा तशाच. आधी काढून टाकणार होतो. मग वाटलं, केलंय ते दिसू दे.

‘नक्की?’ विचारतं. हो. ‘सर्वांना कळवायचं?’ हो. ‘कारण’ म्हणून एक चौकोन येतो, तो भरलाच पाहिजे असं नाही. पहिल्याला मी मोठं लिहिलं, सात-आठ ओळी, खारूचा गुडघा, सप्टेंबर, सगळं. पुसलं. मग ‘अपरिहार्य कारणास्तव’ लिहिलं. तेही पुसलं. अपरिहार्य कुठे होतं? शेवटी ‘व्यवस्थापकाची चूक’ इतकंच लिहिलं आणि तेच पुढच्या तिन्हींना.

प्रत्येकात सात नंबरची हिरवी खूण होती. अगदी डिसेंबरच्या सामन्यालाही.

दोन मिनिटांत नऊ घरांतून अंगठे आले. एवढ्या पटकन होकार कधी आला नव्हता.

मिस्त्री डबा उघडून बसले होते, म्हणाले, ‘काय रे, रडतोस का?’ म्हटलं, ग्रीस लागलं डोळ्याला.

रविवार, २७ ऑक्टोबर

मी रद्द केलेल्यातला पहिला सामना आजचा होता, डोंगरापलीकडच्या क्लबशी. लीगच्या लोकांनी त्यांची तारीख पुढे ढकलली तेव्हा मधला रविवार म्हणून मी तो घुसडला होता. सव्वाचारला फोन वाजला. ‘आम्ही मैदानावर पोचलोय. तुमचं कुणी दिसत नाही?’

धावत सुटलो. बारा मुली, एक मिनीबस, आणि उन्हाची टोपी घातलेले एक वयस्कर सर. दोन तासांचा घाट उतरून आले होते. मी हात जोडले. म्हटलं, सर, सामना बुधवारीच रद्द केला, ॲपवर सगळ्यांना कळवलंय.

सर म्हणाले, ‘तुमचं ॲप तुमच्याच लोकांना कळवणार. आम्हाला माणसाने कळवायचं असतं.’

मुली पायऱ्यांवर बसून बघत होत्या. सरांनी विचारलं, ‘कारण तरी काय?’

आणि मग ते बाहेर आलं. म्हटलं, माझी मुलगी या संघात आहे. आमचं घर मोडलंय. ती रविवारी खेळायला आली की मला दिसायची, म्हणून मी सामने वाढवत गेलो. तिचा गुडघा दुखत होता, ती बोलली नाही, मी बघितलं नाही. आता ऑपरेशन आहे. हे मी एका अनोळखी माणसाला मैदानाच्या फाटकात उभा राहून सांगत होतो, आणि बारा मुली ऐकत होत्या.

सर बराच वेळ टोपी हातात घेऊन फिरवत राहिले. माफ केलं असं म्हणाले नाहीत. ‘खर्चाचं सोडा, पण दिवस गेला पोरींचा,’ म्हणाले. मग वळून मुलींना, ‘सहा-सहा करा. आपापसात खेळू. हे घड्याळ बघतील.’

मी घड्याळ बघितलं. दुसऱ्या डावात त्यांची एक छोटीशी मुलगी लंगडताना दिसली आणि मी काहीही न विचारता शिट्टी मारली. सगळा खेळ थांबला. मी मैदानात पळत गेलो. ‘काय झालं? कुठे दुखतंय? खरं सांग.’

ती घाबरली. ‘काका, बुटात खडा गेलाय.’

सगळ्या जणी हसत सुटल्या. सरही. मला हसू येईना. मी खाली बसून तिच्या बुटाची नाडी सोडली, खडा काढला, परत बांधली. गाठ नीट बसेना. तिने मग स्वतःच बांधली.

शनिवार, २ नोव्हेंबर

ऑपरेशन मंगळवारी झालं. नीट झालं. आज माझा शनिवार होता, जुन्या घरी गेलो.

खारू सोफ्यावर, पायाखाली दोन उशा. भोवती खोकी. आता लपवायचं काही नव्हतं, खोक्यांवर नावं लिहिली होती, ‘स्वयंपाकघर’, ‘खारू – हिवाळी कपडे’, ‘खारू – बूट’. खारूच्या आईने चहा ठेवला आणि आत गेली.

दोघंच उरलो. सामना नव्हता, बॉल नव्हता, बोलायला काही नव्हतं. तिनेच विचारलं, ‘आज कशाला आलास?’ टोचून नाही, खरंच विचारलं.

‘तुला बघायला.’

‘बघितलंस?’

‘हो.’

कपाटाचं दार लोंबत होतं. मी खिशातला स्क्रूड्रायव्हर काढला आणि बिजागरी घट्ट करायला लागलो. ती म्हणाली, ‘बाबा, ते कपाट इथेच राहणार आहे. घरमालकाचं आहे.’

‘दोन मिनिटं.’

‘बस ना रे.’

बसलो. मग तिला म्हटलं, मी पाठ करून गेलो होतो पण क्रम विसरलो, म्हटलं, ‘तू माझी काळजी करायची नाहीस. ते तुझं काम नाही.’

‘मग कुणाचं आहे?’ म्हणाली.

तिने डोळे मिटले, गोळ्यांमुळे झोप येते. मी अर्धा तास तसाच बसून होतो. तिच्या हनुवटीखाली एक बारीक व्रण आहे, तो कधी झाला मला माहीत नाही. निघताना खारूच्या आईला विचारायचं होतं. विचारलं नाही.

मंगळवार, ५ नोव्हेंबर

वकीलबाईंकडे गेलो. त्या उत्साहात होत्या. आईला असं परस्पर मुलीला घेऊन जाता येत नाही, आपण अर्ज करू, निदान सहा महिने तरी थांबवता येईल. ‘तुम्ही तारखा लिहिल्यात ना? सप्टेंबरपासून जवळजवळ दर रविवारी भेट, हे आपल्या बाजूने फार भक्कम आहे. वही आणलीत?’

वही पिशवीत होती. बॉलपेनसकट.

‘हरवली,’ म्हटलं.

‘हरवली?’

‘लिफ्टच्या शाफ्टमध्ये पडली. खड्ड्यात पाणी असतं तिथे.’

वकीलबाईंनी चष्मा काढला. ‘विचार करा. एकदा त्या गेल्या की अवघड आहे.’

मी म्हटलं, जाऊ द्यात. त्यांना वाटलं मी वहीबद्दल बोलतोय. म्हणाल्या, आठवून परत लिहिता येईल.

घरी आल्यावर जिना चढताना दुसऱ्या मजल्यावर थांबलो. वाटलं, परत जाऊन सांगावं, सापडली म्हणून. पाच-सात मिनिटं तरी उभा होतो. खालच्या मजल्यावरच्या बाईंनी विचारलं, बरं वाटत नाहीये का? मग वर आलो.

रविवार, १७ नोव्हेंबर

लीगचा शेवटचा सामना. मी मॅडमना आधीच म्हटलं होतं, मला मोकळं करा. त्या म्हणाल्या होत्या, ‘राहिलेले सामने कोण बघणार? तुमची मुलगी खेळत नाही म्हणून बाकीच्या तुमच्या कुणी नाहीत का?’ म्हणून गेलो. अकरा नंबर डावीकडून छान खेळली. पासही दिले. बेकरीवाल्या ताईंना म्हटलं, ‘ताई, तेव्हा तुम्ही सांगत होतात, मी भलताच अर्थ लावला.’

‘माहितीय हो,’ त्या म्हणाल्या. ‘तुमच्या तोंडावर दिसत होतं.’

सात नंबरने यादीत जागा अडवलीय, नवीन मुलगी घ्यायचीय, असं मॅडमनी सांगितलं. संध्याकाळी यादी उघडली, खारूचं नाव काढलं. ॲपने विचारलं, नक्की? हल्ली प्रत्येक गोष्टीला तेच विचारतं.

रविवार, २४ नोव्हेंबर

सकाळी दहाला गेल्या. टेम्पो आधी, मागून टॅक्सी. कुबड्या टॅक्सीत बसेनात, मी आडव्या करून काचेतून घातल्या. खारूने मला मिठी मारली तेव्हा तिची एक कुबडी माझ्या पायावर होती, मी ओरडलो नाही. खारूच्या आईने हात पुढे केला, मग मागे घेतला, मग म्हणाली, ‘जेवत जा वेळेवर.’

टॅक्सी वळल्यावर वर गेलो, किल्ली घरमालकाला द्यायची होती. खोल्यांत आवाज घुमत होता. खारूच्या दाराच्या चौकटीवर तिची उंची मोजून मारलेल्या पेन्सिलीच्या रेघा आहेत. घरमालक म्हणाले, पुढच्या आठवड्यात रंगाला काढणार.

रविवार, १ डिसेंबर

काही नाही.

रविवार, १५ डिसेंबर

तीन आठवड्यांनी खारूचा स्वतःहून फोन आला. आवाज नेहमीपेक्षा मोठा, मोकळा. तिथे व्यायाम शिकवणारी बाई कडक आहे, रोज गुडघा वाकवून घेते, परवा नव्वद अंशांपर्यंत गेला. वर्गात दोन मैत्रिणी झाल्यात. सुट्टीत मी तिकडे येऊ का, असं तिला विचारायचं मी दहा दिवस ठरवत होतो. विचारलं.

ती म्हणाली, ‘या सुट्टीत नको बाबा. मैत्रिणींनी काहीतरी ठरवलंय. मला जायचंय.’

‘जा की,’ म्हटलं. लागलं, खोटं का लिहू? पण ती घाबरत घाबरत बोलली नाही, सरळ बोलली, आणि माझा आवाज नीट निघाला.

मग म्हणाली, ‘अरे हो, गंमत सांगते. गेल्या आठवड्यात आमच्या इमारतीतली लिफ्ट अडकली. पाचव्या आणि सहाव्याच्या मध्ये. मी आणि दोन आज्या. एक आजी दार ओढायला लागली, मी म्हटलं, अजिबात हात लावायचा नाही, दोर असा तुटत नसतो, माझे बाबा लिफ्टचंच काम करतात. खाली बसवलं दोघींना. वीस मिनिटं.’

मी विचारलं, कुठल्या कंपनीची, दार आपोआप की हाताचं, दिवा चालू होता का, पंखा चालू होता का. तिने सगळं बरोबर सांगितलं. दिवासुद्धा कुठला, तो सांगितला. मग मी विचारलं, ‘भीती वाटली?’

‘थोडीशी. शेवटी शेवटी.’

‘मग मला फोन का नाही केलास? मी इथूनही सांगितलं असतं काय करायचं ते.’

‘केला असता रे. म्हटलं, तू कामात असशील.’

‘कधी झालं हे?’

‘आठ तारखेला. दुपारी.’

फोन ठेवल्यावर कॅलेंडर बघितलं. आठ तारखेला रविवार होता.